कांद्याच्या डोंगरांत

दुशान्बे म्हणजे सोमवार. ताजिकिस्तानच्या राजधानीला हे नाव मिळालं ते तिथे एकेकाळी दर सोमवारी भरणाऱ्या बाजारावरून. पुण्यातल्या सोमवार पेठेत वाढलेल्या मला हे शहर पहिल्याच दिवशी ओळखीचं वाटलं. भाषाही अगदीच परकी नव्हती. बाजाराला तिथे बोझोर म्हणतात, भट्टीतल्या रोटीला नोन, आणि कांद्याला पियोझ. जूनचा महिना होता. तुती पिकून रस्त्यावर सडा पडला होता आणि बाजारात कांद्यांच्या राशी लागल्या होत्या. पण मी तो कांदा बघायला आले नव्हते. मला हवा होता पियोझी कूही. कूह म्हणजे डोंगर, आपल्या कोहिनूरमधला कोह. डोंगरी कांदा.

या प्रदेशाचं वेड मला ह्युएनत्संगामुळे लागलं. इ. स. ६४१ च्या सुमारास हा चिनी भिक्षू दुसऱ्या पुलकेशीच्या महाराष्ट्रात आला होता आणि इथली माणसं उपकार विसरत नाहीत, अपमानही विसरत नाहीत, असं त्याने लिहून ठेवलं. भारतात कांदा-लसूण फार थोडे लोक खातात, आणि जे खातात त्यांना गावाबाहेर काढतात, अशीही नोंद त्याने केली आहे. हाच माणूस परतीच्या वाटेवर पामीर ओलांडत होता. चिनी भाषेत पामीरचं जुनं नाव त्सुंगलिंग, म्हणजे कांद्याचे डोंगर. या नावाची दोन कारणं त्याने दिली आहेत. एक, इथे कांदा फार उगवतो. दुसरं, इथल्या कड्यांचा रंग कांद्याच्या पातीसारखा निळसर हिरवा आहे. आणि या डोंगरांची शीव त्याने दक्षिणेला हिंदुकुशापासून उत्तरेला इसिक्कूल सरोवरापर्यंत नेली आहे. ज्या पदार्थासाठी माणसाला गावाबाहेर घालवतात, त्याच पदार्थाच्या नावाची एवढी मोठी पर्वतराजी! ते वाचलं तेव्हापासून हे डोंगर एकदा डोळ्यांनी बघायचे, हे मनात पक्कं झालं होतं.

दुशान्बेच्या उत्तरेला हिस्सार पर्वतरांग आहे. वारझोब नदीच्या काठाने रस्ता वर चढतो. नदी बर्फाच्या पाण्याने फुगलेली, दुधाळ हिरवी. आमचा चालक माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठा. तिकडे थोरल्या भावाला अका म्हणतात, म्हणून मीही त्याला अकाच म्हणायची आणि तो मला आपा, म्हणजे ताई. माझी मोडकी रशियन आणि दोघांच्या भाषांतले सामाईक शब्द एवढ्यावर आमचं छान चालायचं. वाटेत एका चायखान्यात बिनदुधाचा हिरवा चहा प्यायलो. मग मुख्य रस्ता सोडून एका घळीत शिरलो आणि गाडी ठेवून चालायला लागलो.

तास-दीड तास चढल्यावर अका थांबला आणि समोरच्या कड्याकडे बोट दाखवून म्हणाला, "आपा, ते बघा."

राखाडी, उभा, भेगाळलेला कडा. आणि त्याच्या अंगावर जागोजागी पांढरे गोल चेंडू. लांबून वाटलं, शेळ्यांची लोकर अडकली असेल. डोळ्यांना दुर्बीण लावली आणि श्वासच अडकला. प्रत्येक चेंडूखाली एक हिरवा ताठ दांडा होता. कांद्याचे गोंडे! नाशिककडे बियाण्यासाठी राखलेल्या वाफ्यांत दिसतात, अगदी तसे. पण तिथे ते काळ्या मातीत रांगेत उभे असतात, आणि इथे जिथे शेळीचा पाय ठरणार नाही अशा कपारीतून उगवून दरीवर झुकलेले.

खालच्या अंगाला दगडांच्या घसरणीत दोन-चार झाडं हाताशी सापडली. मी गुडघे टेकून बसले आणि बघतच राहिले. पात पोकळ, एका बाजूने किंचित चपटी. दांडाही पोकळ, जवळजवळ कमरेला लागेल एवढा उंच आणि खालच्या निम्म्या भागात फुगलेला. हा फुगवटा बघितला आणि मन भरून आलं, कारण आपल्या कांद्याच्या डेंगळ्याची तीच खूण आहे. टोकाला शेकडो बारक्या फुलांचा गच्च गोंडा. प्रत्येक पांढऱ्या पाकळीच्या मधोमध एक हिरवी रेघ, जणू कुणी सुईने ओढलेली. एका गोंड्यावर मधमाश्या, माश्या आणि एक चमकता भुंगेरा एकाच वेळी जेवत होते. अकाने दगड जरा सरकवून खालचा कांदा दाखवला. लांबट, अंगठ्याहून थोडा जाड. वरचे पापुद्रे तांबूस, चिवट, चामड्यासारखे, जुन्या वर्षांच्या सालींचे थर एकावर एक चढलेले. पातीचं टोक चुरडून नाकाशी नेलं. तोच वास! डोळे मिटले तर घरचा ओटा समोर दिसावा. जिभेवर ठेवलं तर आधी गोडसर आणि मग सणसणीत. डोळ्यांत आलेलं पाणी कशाचं होतं ते मला सांगता येणार नाही.

हे झाड असं कड्याला का धरून राहतं? या डोंगरांत जो काय पाऊस आणि बर्फ पडायचा तो हिवाळ्यात आणि वसंतात. उन्हाळा कोरडाठाक. बर्फ वितळतं तेव्हा भेगांमध्ये पाणी मुरतं, तेवढ्या ओलीवर पात वाढते. जून-जुलैत फुलं येतात तेव्हा पात पिवळी पडायला लागलेली असते आणि पुढचं सगळं त्या जमिनीतल्या कांद्याच्या शिदोरीवर चालतं. आपला शेतकरी कांदा चाळीत साठवतो. इथे कांदा हीच चाळ. दगडांच्या फटीत दुसऱ्या गवता-झुडपांची गर्दी नसते, ऊन मोकळं मिळतं. त्यावर अकाने आणखी एक कारण सांगितलं: "माझी आजी आम्हाला कांदे आणायला पाठवायची तेव्हा पायवाटेच्या कडेला मिळायचे. हाताला लागले ते सगळे खाऊन झाले. आता जे उरलेत ते वर आहेत."

शास्त्रीय ग्रंथांत या कांद्याचं नाव आहे अ‍ॅलियम ओशानिनी. या नावामागची हकीकत मला या सगळ्या प्रवासातली सर्वांत सुंदर गोष्ट वाटते. अलेक्सेई फेदचेन्को आणि त्याची बायको ओल्गा या रशियन जोडप्याने १८६८ ते १८७१ या काळात तुर्कस्तानचा मुलूख पालथा घातला. ओल्गा वनस्पती गोळा करायची. १८७१ मध्ये अलेक्सेई पामीरच्या उंबरठ्यापर्यंत पोहोचला, पण आत जाता आलं नाही. दोन वर्षांनी आल्प्समध्ये माँ ब्लाँच्या हिमनदीवर तो मरण पावला. वय अवघं २९. पुढे १८७८ मध्ये वासिली ओशानिन नावाच्या कीटकशास्त्रज्ञाला पामीरमध्ये एक प्रचंड हिमनदी सापडली. लांबी ७७ किलोमीटर. तिला त्याने फेदचेन्कोचं नाव दिलं. ओल्गा थांबली नाही. १९०१ मध्ये, पंचावन्नी उलटल्यावर, नवऱ्याला जिथे पाऊल ठेवता आलं नव्हतं त्या पामीरमध्ये ती मुलाला सोबत घेऊन गेली. आणि १९०६ मध्ये या रानकांद्याचं शास्त्रीय वर्णन करताना तिने त्याला ओशानिनचं नाव दिलं. त्याने तिच्या नवऱ्याचं नाव बर्फावर कोरलं, तिने त्याचं नाव फुलाला दिलं. उपकार न विसरणारी माणसं ह्युएनत्संगाला महाराष्ट्रात भेटली होती. मला ती या डोंगरांत भेटली.

कांद्याच्या कुळात नऊशेहून जास्त जाती आहेत आणि मध्य आशियाचे डोंगर हे त्यांचं मोठं माहेर. आपण खातो तो कांदा आज रानात कुठेच उगवत नाही. हजारो वर्षं माणसाच्या हातून लावला गेल्यामुळे तो पूर्णपणे आपला झाला. त्याचा सगळ्यांत जवळचा रानटी नातलग इथून पश्चिमेला, तुर्कमेनिस्तान आणि इराणच्या सीमेवरच्या कोपेतदाग डोंगरांत आहे. पिकांच्या जन्मभूमी शोधत १९१६ मध्ये पामीरला आलेल्या निकोलाय वाविलोवचं नाव त्याला मिळालं आहे. ओशानिनचा कांदा म्हणजे त्याच घरातला चुलतभाऊ. पण तोही माणसाच्या स्वयंपाकघरात पोहोचलाच. फ्रान्समध्ये करड्या सालीचा एक बारका, चवदार कांदा शॅलट म्हणून नावाजला जातो. तो याच रानकांद्याच्या वंशातला आहे, असं अभ्यासकांनी दाखवलं आहे. कुठला हिस्सारचा कडा आणि कुठलं फ्रेंच माणसाचं ताट!

परतताना मी पुन्हा एकदा त्या दांड्यांकडे वळून पाहिलं. आमच्याकडे कांद्याच्या पिकात डेंगळे आले की शेतकऱ्याचा चेहरा उतरतो. डेंगळा आला म्हणजे कांदा पोसला नाही, माल टिकणार नाही, भाव मिळणार नाही. आणि इथे बी रुजल्यापासून पहिला डेंगळा यायला कित्येक वर्षं जातात. तोवर झाड दगडाच्या फटीत दर उन्हाळ्यात मिटतं आणि दर वसंतात थोडं जाड होऊन परततं. मग एका जूनमध्ये दांडा वर येतो, गोंडा फुटतो आणि काळं, कोनदार बी दरीत उधळलं जातं. त्यातलं एखादंच भेगेत पडतं. म्हणूनच इथे उपटलेला एक कांदा म्हणजे नुसता एक कांदा नसतो. ती कित्येक वर्षांची वाट असते, आणि पुढचं सगळं बीही.

अका म्हणाला, "एक काढून देऊ का, आपा? आठवण म्हणून?" मी नको म्हटलं. त्याने सरकवलेला दगड पुन्हा जागेवर ठेवला आणि वर हाताने माती दाबली.

तुम्ही कधी या वाटेने गेलात तर जूनच्या शेवटी जा, दुर्बीण घेऊन जा आणि कड्यांकडे बघत चला. कांदा खायचा तर दुशान्बेच्या बाजारात हवा तेवढा मिळतो. कड्यावरचा मात्र कड्यावरच राहू द्या.