हप्त्यातलं मुद्दल

पुण्यात धायरी फाट्याजवळ नव्या इमारतींचे फ्लेक्स हप्ता सांगतात, एकूण व्याज नाही. आज वहीत मांडलं: 40 लाखांचं गृहकर्ज, साडेआठ टक्के, 20 वर्षं. हप्ता 34,713, पहिल्या हप्त्यात व्याजच 28,333, मुद्दल जेमतेम 6,380. एकूण फेड 83 लाखांवर!

2022-23 मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, ज्यावर गृहकर्जाचे बदलते दर ठरतात, 4 वरून 6.5 टक्क्यांवर गेला. अनेकांचा हप्ता तोच राहिला, मुदत मात्र न विचारता वाढली. निवृत्तीपर्यंत कर्ज, हे मनाला फार लागतं. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेनं बजावलं: हप्ता वाढवायचा की मुदत, कर्जदाराला विचारा. बदलत्या दराच्या गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंडही नाही. यंदा दिवाळीचा बोनस सरळ मुद्दलात. दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर तीन वर्षं आधीच सुटका.