वितळून गेलेला बर्फ

आमचे मामा बर्फ विकतात. उजनीच्या पाण्यातली मासळी भिगवणच्या बाजारात येते, तिला लागणारा बर्फ. इंदापूर तालुक्यातल्या ज्या मंडळींच्या जमिनी धरणात गेल्या, त्यांच्यापैकी काहींना पुढे त्याच पाण्याने पोटाला दिले; मामा त्यांतले. मी बारामतीस मुलांना मोरोपंत शिकवतो. म्हणजे मामांच्या मते काहीच करीत नाही.

२०१९ च्या उन्हाळ्यात मामा एक कागद घेऊन दारात उभे राहिले. "प्रोफेसर, वाच की जरा हे."

वीज कंपनीचे बिल होते, पण नेहमीचे नव्हे. कारखान्याचा भार मोठा असला म्हणजे सगळी वीज मीटरमधून थेट जात नाही; तिचा ठरावीक अंशच मीटरपर्यंत येतो, आणि मीटरवरच्या आकड्याला ठरावीक अंकाने गुणले की खरा वापर कळतो. मामांच्या बाबतीत हा अंक दोन हवा होता. पाच वर्षे कोणीतरी तो एक धरला. मग एका साहेबांच्या तपासणीत ती चूक सापडली आणि उरलेल्या अर्ध्या विजेचे पाच वर्षांचे बिल एकदम आले. चार लाखांच्या घरात!

चूक मामांची नव्हती हे कंपनीला मान्य होते. वीज खर्च झाली हे मामांनाही मान्य होते. भांडण कशाचे, असे मी विचारले.

"आरं, बर्फ मी जुन्या बिलाच्या हिशेबानं इकला. त्यो तर कवाच इरघळला. आता कुणाच्या दारात जाऊन वाढीव पैसं मागू?"

याला उत्तर माझ्यापाशी नव्हते.

२००३ च्या विद्युत कायद्यातील कलम ४२ अन्वये प्रत्येक वितरण कंपनीला ग्राहकांसाठी गाऱ्हाणे निवारण मंच नेमावा लागतो. वर लोकपाल असतो, तो राज्याचा आयोग नेमतो. मंचापुढे जायला वकील लागत नाही. वकील लागत नाही म्हटल्यावर मामांनी माझ्याकडे पाहिले.

मी अर्ज लिहायला बसलो. पंतांची 'केकावली' म्हणजे तरी काय? देवाच्या दारी केलेला अर्जच. ती शिकवून शिकवून माझ्या हाताला वळण लागलेले! चार पाने झाली. मामांनी ती ऐकून घेतली आणि म्हणाले, "यात आकडा कुठं हाय?" मग आम्ही दोघांनी मिळून एक पानी अर्ज केला. त्यात आकडेच होते.

मंचाची सुनावणी बारामतीतच झाली. कायद्याच्या कलम ५६ मध्ये दोन वर्षांची एक मर्यादा आहे, आणि त्याच वर्षीच्या मार्च महिन्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने तिचा अर्थ लावला होता, की पहिल्या मागणीच्या मागे दोन वर्षांपलीकडच्या वापराचे पैसे कंपनीला मागता येत नाहीत. मंचाने पाचांतली तीन वर्षे वगळली. मामांनी पेढे वाटले. मला वाटते, ते थोडे लवकर वाटले.

कारण कंपनी मुंबईस उच्च न्यायालयात गेली. मंचाविरुद्ध लोकपालाकडे जाण्याची वाट २००६ च्या नियमांनी ग्राहकालाच दिली होती, कंपनीला नव्हती. मग तिला उरतो रिट अर्ज. ग्राहकाला दिलेल्या सवलतीमुळे भिगवणचा माणूस थेट मुंबईच्या न्यायालयात प्रतिवादी होऊन उभा राहतो, ही मोठी गमतीची गोष्ट आहे. फक्त ज्याला वकिलाचे पैसे भरायचे असतात त्याला ती गंमत वाटत नाही.

वकील म्हणाले, "घाबरू नका, हे अपील नाही." त्यांनी न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांच्या १९६३ च्या निकालाचा आधार सांगितला. गजेंद्रगडकर साताऱ्याचे, शास्त्र्यांच्या घराण्यातले. तंटा होता मद्रास ते चित्तूर मार्गावरील बसच्या परवान्याचा. खालच्या अधिकाऱ्याने वस्तुस्थितीविषयी काढलेला निष्कर्ष उच्च न्यायालयाने नव्याने तोलू नये. कागदावर उघड दिसणारी कायद्याची चूक असेल तरच हात घालावा, हे सूत्र त्या निकालात आहे.

मला ते चटकन समजले, कारण आमच्याकडे गुणपडताळणी असते. तीत बेरीज पाहतात, एखादे उत्तर तपासायचे राहिले का ते पाहतात. निबंधाला सातच गुण का दिले, हे कोणी विचारीत नाही. मामांना मी तसेच समजावून सांगितले. त्यांना धीर आला.

पण नमुना उत्तरच बदलले तर? फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अजमेरच्या एका प्रकरणात ठरवले की चूक मागाहून सापडली तर दोन वर्षांनंतरही जादा मागणी करता येते. मात्र त्यापायी वीज तोडता येत नाही. ऑक्टोबर २०२१ मध्ये हरियाणातल्या एका सुती धाग्याच्या कारखान्याचा निकाल लागला. तिथे गुणक दहाऐवजी पाच धरला होता. म्हणजे आमच्या मामांचेच प्रकरण, फक्त मोठ्या आकड्याचे! तो कारखानाही हरला.

२०२२ मध्ये आमचा अर्ज निघाला. मंचाने दिला तेव्हा बरोबर असलेला निकाल आता कायद्याने चूक ठरला होता. न्यायालयाने तो रद्द करून प्रकरण मंचाकडे परत पाठवले. तपासणी कधी झाली, चूक कोणाची, यांना मात्र हात लावला नाही. मंचाने दुसऱ्यांदा ऐकले, रक्कम पूर्ण ठेवली आणि बिनव्याजी हप्ते पाडून दिले.

निकालपत्र वाचून दाखवताना माझा आवाज जरा पडला. विद्यार्थ्याला आपण धीर द्यावा आणि तो नापास व्हावा, तसे झाले होते. मामा मात्र बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "वीज तर तोडणार न्हाईत न्हवं?" नाही, मी म्हणालो. "मग मासळी सडायची न्हाई."

हप्ते त्यांनी फेडले. त्या वर्षांत मामींच्या पाटल्या बँकेत होत्या, हे मला फार उशिरा कळले.

अजून दर महिन्याला बिल आले की मामा चष्मा लावतात. रक्कम नंतर पाहतात. आधी 'गुणक अवयव' असे लिहिलेला बारीक रकाना शोधतात आणि मला फोन करतात.

"दोनच हाय," म्हणतात, आणि ठेवून देतात.