वाऱ्याला विचारून बांधलेली घरं

इकालुइटमध्ये घर बांधायचं तर आधी समुद्र मोकळा होण्याची वाट पाहावी लागते. कॅनडाच्या नुनावुत प्रदेशाची ही राजधानी बॅफिन बेटावर आहे आणि दक्षिणेकडून इथे येणारा एकही रस्ता नाही. जुलैच्या सुमारास खाडीतला बर्फ फुटतो आणि ऑक्टोबर संपता संपता पाणी पुन्हा गोठू लागतं. मधल्या काळात मालवाहू जहाजं येतात. लाकूड, प्लायवूड, खिडक्या, बॉयलर, रंग, खिळे, सगळं त्यांतून उतरतं, कारण इथल्या जमिनीत झाड उगवत नाही. घरं लोखंडी खांबांवर उभी करतात. जमीन बारमाही गोठलेली असते. घराची ऊब तिच्यात उतरली तर ती मऊ पडते आणि घर कलतं. खांबांमधून वारा वाहता राहिला की हिमही घराशी साचत नाही.

या गावातल्या घरांच्या हीटिंगची आणि हवा खेळती ठेवणाऱ्या यंत्रांची देखभाल हे माझं काम आहे. त्यामुळे इतरांना ज्या घरांचा फक्त दरवाजा ठाऊक असतो, त्यांच्या मी पार न्हाणीघरापर्यंत जातो. डिसेंबर-जानेवारीत तक्रार बहुधा एकच असते : खिडकीच्या चौकटीला आतून बर्फ धरला आहे आणि कोपऱ्यात काळी बुरशी चढली आहे. कारण कळायला यंत्र उघडावं लागत नाही. दोन झोपायच्या खोल्यांच्या घरात आजी, तिच्या मुली आणि नातवंडं असे सगळे राहत असतात. एवढ्या माणसांचा श्वास, स्वयंपाकाची वाफ, वाळत घातलेले ओले कपडे, आणि भिंती अशा की त्यांना कुठे फट नाही. ताजी हवा ओढणाऱ्या यंत्राच्या तोंडात वाऱ्याने उडालेलं पिठासारखं हिम जाऊन बसतं, यंत्र गुदमरतं आणि पाठोपाठ माणसंही. २०२१ च्या जनगणनेनुसार कॅनडातल्या इनुइट प्रदेशात राहणाऱ्या निम्म्याहून अधिक इनुइटांची घरं अशी दाटीची आहेत, आणि जवळजवळ एकतृतीयांश लोकांच्या घरांना मोठ्या दुरुस्तीची गरज आहे. क्षयरोगाचं प्रमाण नुनावुतमध्ये देशाच्या सरासरीच्या कितीतरी पट आहे. दाटी आणि कोंदट हवा यांचा त्यात मोठा वाटा आहे.

हे सगळं पाहत असताना मला राहून राहून वाटतं, की याच थंडीत, याच वाऱ्यात या लोकांच्या पूर्वजांनी शतकानुशतकं घरं बांधली. त्यांच्याकडे लाकूड जवळपास नव्हतं, लोखंड क्वचितच. तरी ऊब, हवा आणि माणसांचं एकत्र राहणं या तिन्हींचा मेळ त्यांनी घातला होता. तो कसा घातला हे समजून घेणं मला माझ्या कामाचाच भाग वाटतं.

हिमाचं घर बांधायचं तर आधी योग्य हिम शोधायचं. एकाच वादळात साचलेलं आणि वाऱ्याने दाबून घट्ट केलेलं हिम हवं. त्यात थर असतील तर ठोकळा त्या रेषेवर तुटतो. म्हणून एक सडपातळ काठी हिमात खुपसून हाताला लागणाऱ्या दाबावरून आतला पोत ओळखतात. मग हिमसुरा हाती घ्यायचा. त्याला पाना म्हणतात. पूर्वी तो वॉलरसच्या सुळ्याचा किंवा कॅरिबूच्या शिंगाचा असे, आता पोलादी असतो. पहिला फेर मांडून झाला की त्याच्या काही ठोकळ्यांना तिरपं छाटून चढ तयार करतात आणि त्या चढावरून पुढचे ठोकळे वळत वळत वर जातात. प्रत्येक ठोकळा आत झुकलेला आणि शेजारच्याला टेकलेला असतो, त्यामुळे बांधकाम चालू असतानाही खालून टेकू द्यावा लागत नाही. बांधणारा आतच उभा असतो आणि बरेच ठोकळे पायाखालच्या हिमातूनच कापतो. भिंत चढते तशी जमीन खाली जाते. बाहेर बायका आणि मुलं सांध्यांमध्ये मऊ हिम भरत असतात. प्रवासातलं लहान घर सराईत माणसं तास-दीड तासात उभं करत.

घुमटाचा आकार चेंडूच्या अर्ध्या भागासारखा नसतो, त्याहून जरा उंच असतो. साखळीची दोन टोकं धरून ती सैल सोडली की जी रेषा तयार होते, ती उलटी केल्यावर जे रूप दिसेल त्याच्या तो जवळ जातो. हिम दाब सोसतं, ताण सोसत नाही. या आकारात भार जवळजवळ सगळा दाबाच्या रूपाने जमिनीत उतरतो.

माझ्या विषयाचं खरं काम मात्र आत सुरू होतं. दाराचा बोगदा खोलीच्या जमिनीपेक्षा खाली असतो. थंड हवा जड असल्यामुळे ती तिथेच पडून राहते. झोपायचा आणि बसायचा ओटा उंच असतो, म्हणजे घरातली सर्वांत उबदार हवा माणसांच्या वाट्याला येते. ओट्याच्या कडेला कुल्लिक, म्हणजे संगजिऱ्याचा रुंद, उथळ दिवा. त्यात सीलची चरबी आणि शेवाळ व रानकापसाची वात. तो पेटता ठेवणं हे घरातल्या बाईचं कौशल्य. त्याच्यावर स्वयंपाक होई, पाणी वितळे आणि वरच्या जाळीवर मोजे-बूट वाळत. माथ्याला छोटं भोक असे, त्यातून धूर आणि ओली हवा बाहेर जाई. गोड्या पाण्याच्या बर्फाची पातळ लादी भिंतीत बसवली की खिडकी तयार. बॅफिन बेटाकडे काही ठिकाणी आतून सीलच्या कातड्यांचं अस्तर लावत. कातडं आणि हिम यांच्या मधल्या थंड पोकळीमुळे आत चांगली ऊब धरली तरी भिंत वितळत नसे. बाहेर उणे चाळीस अंश असताना ओट्यावर पाणी गोठणार नाही इतपत तापमान राखणं साध्या हिमघरातही जमे. उंच ओटा, खालचं दार आणि माथ्याचं भोक यांच्यात हवेच्या हालचालीचं असं गणित बसवलेलं होतं, की आज ते साधायला मला वीज, पंखे आणि सुटे भाग लागतात.

ही रचना एकट्या घुमटापुरती थांबत नव्हती. नात्यातली कुटुंबं आपले घुमट एकाच बोगद्याला जोडून घेत आणि माणसं वाढली की नवा घुमट जोडत. सगळ्या वस्तीच्या नाचगाण्यासाठी, खेळांसाठी आणखी मोठा घुमट उभारत, त्याला कग्गिक म्हणत. कुटुंबाच्या आकाराप्रमाणे घराने आकार बदलायचा, हा नियम होता.

शिवाय हिमघर हे वर्षातल्या काही महिन्यांचंच घर. उन्हाळ्यात सील किंवा कॅरिबूच्या कातड्यांचा तंबू, तुपिक. त्याच्या कडा दाबण्यासाठी ठेवलेल्या दगडांची वर्तुळं आजही टुंड्रावर जागोजागी दिसतात. हिवाळ्याच्या तोंडाशी, जेव्हा तंबू थंड पडतो आणि घरायोग्य हिम अजून साचलेलं नसतं, तेव्हा कर्माक : दगड आणि गवताळ मातीच्या ढेकळांच्या भिंती, जमिनीत थोडं उतरलेलं घर, वर कातड्यांचं छप्पर. सुमारे हजार वर्षांपूर्वी अलास्काकडून पूर्वेला पसरलेल्या थूल लोकांनी, म्हणजे इनुइटांच्या पूर्वजांनी, अशा घरांची छपरं बोहेड देवमाशाच्या जबड्याच्या आणि बरगड्यांच्या हाडांवर पेलली. इकालुइटपासून जवळच काउमार्विट नावाच्या बेटावर त्यांच्या मातीच्या घरांचे खळगे आहेत. त्या खळग्यांत उतरलं की वारा डोक्यावरून जातो आणि दाराचा बोगदा खाली कसा वळवला होता ते दगडांच्या रांगेवरून कळतं. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत लोक कर्माक बांधत होते. तेव्हा त्यांनी कॅनव्हासच्या दोन थरांमध्ये रानझुडुपं भरली, आतून वर्तमानपत्रं चिकटवली आणि जहाजांतून आलेल्या खोक्यांची फळकुटं वापरली. नवं साहित्य मिळालं की ते जुन्या समजुतीत सामावून घ्यायचं, ही या परंपरेची रीतच होती.

खंड पडला तो साहित्यामुळे नाही, निर्णय हातातून गेल्यामुळे. १९४२ मध्ये अमेरिकेने इथे विमानतळ बांधला. त्याची जागा दाखवणाऱ्यांत नाकासुक नावाचा इनुक (म्हणजे एक इनुइट माणूस) वाटाड्या होता. पुढच्या दोन दशकांत शाळा, दवाखाना, रेशन आणि नोकरी यांच्यासाठी लोकांनी वस्त्यांत यावं असं सरकारने ठरवलं, आणि १९५९ नंतर जी घरं दिली ती एका खोलीची, प्लायवूडची, काड्यापेटी या टोपणनावाची. दक्षिणेत बसलेल्या नियोजकांची स्वप्नंही मोठी होती. १९५८ मध्ये याच गावासाठी काँक्रीटच्या घुमटाखालचं आणि उंच इमारतींच्या वेढ्यातलं शहर आखलं गेलं. ते कागदावरच राहिलं. पुढे राल्फ अर्स्किन या नामवंत वास्तुकाराने रेझोल्यूट बे या वस्तीभोवती वारा अडवणारी इमारतींची भिंत योजली. तीही अर्धवट राहिली. या सगळ्यांत बुद्धी होती, सदिच्छा होती. मात्र राहणाऱ्या माणसाचा हात त्यांत नव्हता.

आजच्या इकालुइटमध्ये घुमट दिसतो तो सेंट ज्यूड कॅथीड्रलचा. पांढरा, गोल, टेकडीवरूनही ओळखू येणारा. २००५ मध्ये आगीने नुकसान झालेली मूळ वास्तू पाडावी लागली आणि २०१२ मध्ये त्याच रूपात ती पुन्हा उभी राहिली, कारण लोकांना ती आपली वाटते. या आपलेपणाची किंमत मी जाणतो. पण इनुइट वास्तुकलेचा आजचा उपयोग विचारला की लगेच घुमटाकडे बोट दाखवलं जातं, तेव्हा मला थांबवावंसं वाटतं. ग्रीनलंडमध्ये दगड-मातीची घरं होती, अलास्कात वाहून आलेल्या लाकडांची. घुमट हे एका प्रदेशातलं, एका ऋतूचं उत्तर होतं. ज्या प्रश्नांना ते उत्तर होतं ते प्रश्न मात्र सगळीकडे सारखे होते. वारा कुठून येतो? थंड हवा कुठे थांबवायची? शिकार कुठे सोलायची? किती माणसं एकत्र झोपणार?

हे प्रश्न आजही जसेच्या तसे आहेत. सील किंवा कॅरिबू घरी आला की तो जमिनीवर पुठ्ठा अंथरून, सगळ्यांनी भोवती बसून कापायचा असतो; दक्षिणी नकाशातल्या अरुंद स्वयंपाकघरात ते होत नाही. कातड्याचे कपडे उबेत खराब होतात, त्यांना थंड जागा हवी. कॅलगरी विद्यापीठाचे पुरातत्त्वज्ञ पीटर डॉसन यांनी आर्व्हिआट गावात इनुइट कुटुंबांचा घरातला वावर अभ्यासला. भिंती घालून वेगवेगळ्या केलेल्या खोल्या आणि एकाच जागी जमून काम करायची सवय यांचा मेळ कसा बसत नाही, हे त्यातून दिसतं. उलट जिथे लोकांना आधी विचारलं गेलं तिथे घर बदललं. क्वेबेकच्या उत्तर भागातल्या क्वाक्ताक गावात २०१५ च्या सुमारास बांधलेल्या नमुना घरात थंड ओसरी आणि एकत्र बसण्याची मोकळी जागा आली. बोगद्याने जे काम केलं तेच ती ओसरी करते : थंडी दाराशी अडवते आणि मांस, कातडी, शिकारीचं सामान सांभाळते.

राहणाऱ्याने आपलं घर स्वतः बदलणं मी आमच्या कोकणातही पाहिलं आहे. तिथे उतरत्या कौलारू छपरांच्या जागी सपाट स्लॅब आले आणि काही पावसाळे गेल्यावर लोकांनी त्याच स्लॅबवर पत्र्याची शेड चढवली. दिसायला ती कशीही असो, घरमालकाने पावसाचं ऐकून आपलं घर स्वतः दुरुस्त केलं. इथल्या भाडेकरूला ती मोकळीक नाही. नुनावुतमधले निम्म्याहून अधिक लोक सरकारी भाड्याच्या घरात राहतात. तिथली भिंत हलवायची, ओसरी वाढवायची, तर कागद फिरतात आणि वर्षं जातात. हिमघरात कुटुंब वाढलं की त्याच दिवशी नवा घुमट जोडला जाई.

आणि आमच्यासारखे बाहेरून आलेले? नोकरीबरोबर घर मिळतं म्हणून अनेक जण इथे येतात, काही वर्षं राहतात आणि परततात. त्याच वेळी इथेच जन्मलेली माणसं घराच्या यादीत नाव घालून वाट पाहत असतात. या व्यवस्थेचा लाभ घेणाऱ्यांवर एक जबाबदारी येते. घरांबद्दलच्या बैठकांत आपलं तांत्रिक ज्ञान मांडायचं, पण शेवटचा शब्द इथल्या माणसांचा राहील हे पाहायचं.

नुनावुत सरकारने २०२२ मध्ये एक योजना जाहीर केली : २०३० पर्यंत तीन हजार नवी घरं. त्याआधी २०१९ मध्ये इनुइट तापिरीत कनातामी या राष्ट्रीय इनुइट संघटनेने स्वतःचं गृहनिर्माण धोरण मांडलं आणि त्यात घरांचा कारभार इनुइट संस्थांच्या हाती असावा हा आग्रह धरला. तीन हजार हा आकडा फार महत्त्वाचा आहे. घर नसलेल्याला आधी घर हवं, त्यात वाद नाही. कोणीही वडीलधारा इनुक हिमघरात परत जायचं म्हणत नाही. त्या दिवसांची उपासमार आणि थंडी त्यांनीच भोगली आहे. त्यांना नळ हवा, शाळेचा अभ्यास करायला उजेड हवा, आणि नातवाच्या छातीत कफ साचणार नाही अशी हवा हवी.

म्हणूनच नकाशा काढण्याआधीची बैठक इनुक्टिटुट या त्यांच्या भाषेत व्हावी, त्यात शिकारी असावेत, कातडी शिवणाऱ्या बायका असाव्यात, वादळात हिम कुठे साचतं हे ठाऊक असलेली माणसं असावीत. दार वाऱ्याच्या कोणत्या बाजूला, ओसरी किती मोठी, बसायची खोली केवढी, हे त्यांनी सांगावं. खांब किती खोल, पंखा किती क्षमतेचा, हे आम्ही सांगू. प्रत्येक गावात बांधकाम शिकणाऱ्या तरुणांना काम मिळावं, म्हणजे पुढची दुरुस्ती जहाजाची आणि माझ्यासारख्याची वाट पाहत थांबणार नाही. इनुइट वास्तुकलेकडून आजच्या जगाने घ्यायचं ते हेच : जो घरात राहणार, त्यानेच ते ठरवायचं आणि शक्य तिथे बांधायचंही. थंडी, वारा आणि आपली माणसं यांची त्याच्याइतकी ओळख दुसऱ्या कुणाला असत नाही.