इतर हक्कांत नोंद नाही

रस्ता रुंद करायचा झाला की झाडं मोजतात, विहीर मोजतात, गुरांच्या गोठ्याचासुद्धा पंचनामा होतो. वारूळ कोणी मोजत नाही. सातबाऱ्यावर ते नसतं, इतर हक्कांतही नसतं. जेसीबीने एकदा पंजा मारला की विषय संपला.

तर ही यादी वारुळातल्या बुरशीच्या राज्याची. वाळवी जिला सांभाळते आणि जिची अळंबी आपण पावसाळ्यात आवडीने खातो, ती बुरशी. तिला मन आहे, एवढं फक्त गृहीत धरलंय. बाकीचं आहे तसं.

लोकसंख्या: एक. सुरुवातीला बीजाणू कितीही येवोत, वारूळ जुनं झालं की त्यात एकाच वाणाची बुरशी उरते. सगळ्या खोल्यांतून तीच. म्हणजे एक वारूळ गेलं तर एक नागरिक गेला म्हणायचं की एक देश, हे पंचांनी ठरवावं.

शहर. जमिनीखालच्या पोकळ्यांत ठेवलेले, अक्रोडाच्या गरासारखे सुरकुतलेले करडे-तपकिरी गोळे. हातात घेतले तर हलके, ओलसर, बोटांनी चुरणारे. त्यांच्यावर मिलिमीटरभर पांढरे दाणे. वाळवी गवत-लाकूड खाते, ते अर्धवट पचून बाहेर पडतं आणि तेच रचून हा गोळा होतो. बुरशी त्यातलं लाकूडपण मोडते. मग वाळवी ते दाणे खाते, जुना झालेला गोळाही खाते. वरून बांधकाम चालू, खालून जेवण चालू. जुनी वास्तू म्हणून दाखवावं असं या राज्यात काहीच नाही. जुनं झालं की ते पोटात गेलेलं असतं. आपल्या पुरातत्त्ववाल्यांची इथे पंचाईत.

वाळवीने बुरशीची शेती केली असं पुस्तकांत लिहितात. बुरशीला विचारलं तर ती म्हणेल, गडी मी ठेवलेत. आफ्रिकेत ही सोयरीक जुळली त्याला सुमारे ३ कोटी वर्षं झाली, आणि आता एकीवाचून दुसरीचं चालत नाही. माणसाने बटण मशरूमच्या शेड उभ्या केल्या, धिंगरी पेंढ्यावर वाढवली; ही मात्र बाजारापुरती कुणाला पिकवता आलेली नाही. तिला गडी तेच लागतात.

पंचांग. यादीतली सगळ्यात मोलाची चीज ही. पहिला दमदार पाऊस झाला की संध्याकाळी वारुळातून पंखवाली वाळवी उडते. आपण घरातले दिवे मालवून एका बल्बखाली पाण्याची परात ठेवतो, ती हीच. परातीतून, पाली-पाखरांतून वाचलेली जोडपी पंख टाकून जमिनीत शिरतात आणि पहिली पोरं वाढवतात. या नव्या घरात बहुतेकदा बुरशी नसते. आईबापांनी सोबत आणलेलीच नसते. काही आठवड्यांनी ही पोरं पहिल्यांदा बाहेर पडतात, पाचोळा गोळा करतात आणि त्याच्याबरोबर बुरशीचे बीजाणू घरात येतात. म्हणजे तोवर जुन्या वारुळांवर अळंबी उगवून, उमलून, बीजाणू रानभर सांडलेले असायला हवेत. फार लवकर सांडले तर न्यायला कोणी नाही. फार उशिरा सांडले तर पोरं उपाशी. मनाचा पुरावा मागणाऱ्याने आधी अंधारात बसून हे गणित मांडून दाखवावं. २०२५ साली मोसमी पाऊस मे महिन्यातच कोकणात उतरला. त्या वर्षी खाली हिशेब कसा लावला असेल?

उमलणं. अळंबीचा माथा टोकदार आणि कडक असतो, माती फोडायला. देठ खाली गोळ्यापर्यंत गेलेला. जपून ओढला तर पांढरी मुळी येतच राहते. पण बाजारात छत्रीपेक्षा मिटल्या कळीला गिऱ्हाईक जास्त. चवीला कळीच चांगली, हेही खोटं नाही. कळी पानात बांधली गेली की तिचे बीजाणू सांडायचे राहिले.

भाषा. २०२२ मध्ये ब्रिस्टलच्या अँड्र्यू अ‍ॅडमॅट्झ्की यांनी चार जातींच्या बुरशीत सुया खुपसून विजेचे ठोके टिपले. ठोक्यांचे पुंजके शब्दांसारखे धरले तर शब्दसंग्रह ५० पर्यंत जाऊ शकतो, असं त्यांचं म्हणणं. बऱ्याच जणांना ते पटलेलं नाही; मलाही ठोका म्हणजे शब्द हे जरा घाईचं वाटतं. त्या चार जातींत वारूळवाली नव्हती. भाषेच्या रकान्यात तूर्त काही लिहिता येत नाही, तेव्हा गेली तरी कमी काय झालं हेही लिहिता येणार नाही.

जागा. अळंबी काढणाऱ्या बाईला आपलं वारूळ ठाऊक असतं, आणि ती ते सहसा शेजारणीला सांगत नाही. हा नकाशा कागदावर कुठेच नाही.

गोव्यात आणि सिंधुदुर्गात सातेरी देवी वारुळाच्या रूपात पूजली जाते. त्या वारुळापुढे ‘सुरक्षित’ असा शेरा मारायला हरकत नाही. नागपंचमीला इतर वारुळांनाही लाह्या-दूध मिळतं, पण नागाच्या नावाने. घर वाळवीने बांधलेलं, चूल बुरशीची आणि मान पोटभाडेकरूचा.

याच गोळ्यांत आणखी एक बुरशी दबा धरून असते, झायलेरिया. वाळवी घरात आहे तोवर तिला डोकं वर काढता येत नाही. वाळवी गेली की थोड्याच दिवसांत सगळे गोळे तिचे, आणि पावसात मेलेल्या वारुळातून तिच्या काळ्या काड्या वर येतात. तिचं नाव या यादीत घालायचं कारण नाही. तिचं बरं चाललंय.

माती. एवढी मात्र वाया जात नाही. डंपर भरून भरावाला जाते.