कार्नेशनची तहान

मराठी साहित्यात फुलांची वाण नाही. प्राजक्त म्हटला की सत्यभामा-रुक्मिणीची कथा आठवते, बकुळ म्हटली की सुकल्यावरही न सरणारा गंध. ही फुले आपण पाहतो त्याआधी ती आपण वाचलेली असतात. कार्नेशनचे तसे नाही. भूमध्य समुद्राच्या परिसरातले हे फूल युरोपातील बागांत वाढले आणि आपल्याकडे बहुतेकांना भेटले ते फुलवाल्याच्या बादलीत किंवा पुष्पगुच्छाच्या चकचकीत कागदात. त्याला रूढ मराठी नाव नाही, त्याच्याभोवती आपली पुराणकथा नाही. आम्ही दोघेही मराठीचे अध्यापन करतो. गच्चीवर कार्नेशनच्या कुंड्या ठेवल्या तेव्हा आम्हाला कुतूहल होते ते या पोरकेपणाचेच. ज्या फुलाविषयी आपल्या भाषेने काहीच सांगून ठेवलेले नाही, ते नुसते पाहून कळते काय?

युरोपने मात्र त्याच्याविषयी पुष्कळ सांगून ठेवले आहे. लिनिअसने 1753 मध्ये त्याची नोंद ‘डायअँथस कॅरिओफायलस’ अशी केली. पहिल्या शब्दात देवाचे फूल आहे, दुसऱ्यात लवंग. जुन्या जातींच्या फुलांना खरोखरच लवंगेचा वास येतो. दोन्हींत युजेनॉल हे एकच द्रव्य असते. कापून विकण्यासाठी तयार केलेल्या जातींत हा गंध बराच ओसरला आहे. शेक्सपिअरच्या ‘द विंटर्स टेल’ या नाटकात (चौथा अंक, चौथा प्रवेश) पर्डिटा आपल्या बागेत कार्नेशन लावायला नकार देते, कारण त्याच्या रंगांत निसर्गाबरोबर माणसाचाही हात आहे असे तिने ऐकलेले असते. पॉलिक्सिनिस तिला समजावतो की निसर्ग सुधारणारी कलाही निसर्गातूनच येते. गंमत अशी, की कलमांचे समर्थन करणारा हा राजा स्वतःच्या मुलाने मेंढपाळाच्या मुलीशी लग्न करू नये म्हणून वेषांतर करून आलेला असतो!

हा वाद कुंडीसमोर रोज उभा राहतो. रोपाला पाचसहा पेरे आली की शेंडा खुडायचा, म्हणजे बाजूचे फुटवे जोर धरतात. पुढे कळ्या आल्या की टोकाची एक ठेवून बाजूच्या काढल्या तर एकच मोठे फूल मिळते. टोकाचीच काढली तर लहान फुलांचा झुबका मिळतो. हात लावल्याशिवाय कार्नेशन होत नाही. पर्डिटाची शंका म्हणूनच आम्हाला भाबडी वाटत नाही. प्रश्न हात लावावा की नाही हा नसून तो कुठे आवरावा हा आहे, आणि तो सर्वांत बिकट होतो पाण्यापाशी.

कार्नेशनच्या अरुंद पानांवर निळसर-करड्या मेणाचा पातळ थर असतो. त्यामुळे पानांतले पाणी लवकर उडत नाही. ऊन त्याला हवे, पण पाय ओले राहिलेले चालत नाहीत. म्हणून मातीत शेणखताबरोबर भरड वाळू घालायची, कुंडीखाली ताटली ठेवायची नाही, पाणी सकाळी द्यायचे आणि तेही पानाफुलांवर न शिंपता बुंध्याशी. एवढे कोणतेही पुस्तक सांगते. अडचण येते ती एके दिवशी रोप मान टाकते तेव्हा. तहानलेले रोप मान टाकते. मुळे कुजलेले किंवा फ्युजेरियम बुरशीच्या मर रोगाने धरलेले रोपही मान टाकते. पहिल्याला पाणी हवे असते. दुसऱ्याची मुळेच किंवा पाणी वाहून नेणाऱ्या नळ्याच निकामी झालेल्या असतात. पाण्यात उभे राहून ते तहानेने मरते, आणि वर ओतलेली प्रत्येक झारी त्याचा शेवट जवळ आणते. चिन्ह एक, अर्थ दोन, आणि ते परस्परविरुद्ध! अर्थ संदर्भाने ठरतो हे आम्ही वर्गात वर्षानुवर्षे सांगत आलो. इथे तो संदर्भ मातीत आहे, आणि तो वाचण्याचे साधन बोट. दोन पेरे आत घातलेले बोट कोरडे निघाले तर पाणी. ओले निघाले तर झारी खाली ठेवून बुंधा आणि मुळे तपासायची.

कोरडे आणि ओले यांच्या मधली जी अवस्था कार्नेशनला मानवते, तिच्यासाठी मराठीत एक नेमका शब्द आहे: वाफसा. पाऊस किंवा पाणी मुरल्यानंतर जमिनीत ओलही असते आणि हवाही खेळती असते, ती ही स्थिती. शेतकरी पेरणीसाठी तिची वाट पाहतो. ज्या भाषेने या फुलाला नाव दिले नाही, तिने त्याची गरज कधीच नोंदवून ठेवली होती. फक्त ती कवितेत नव्हे, शिवारात. आमच्या एम.ए.च्या अभ्यासक्रमात प्राजक्त होता. वाफसा नव्हता.

वर्गातही मान टाकलेली मुले दिसतात. एखाद्याला कवितेचा अर्थ पोहोचलेलाच नसतो. दुसरा मार्गदर्शके, टिपणे आणि आमची विवेचने यांत इतका बुडालेला असतो की त्याची कविता केव्हाच कुजलेली असते. दोघांचे मौन सारखेच दिसते. शिक्षकाचा हात सवयीने झारीकडे जातो, कारण देणे सोपे असते आणि ते दिसतेही. अशा वेळी आणखी एक स्पष्टीकरण देण्याआधी त्या मुलाने काय वाचले, कुठे थांबला, हे विचारण्यात पाच मिनिटे घालवणे आम्हाला अधिक गरजेचे वाटते.

संदर्भ शिकवताना आम्ही हल्ली मान टाकलेल्या रोपाचे उदाहरण देतो आणि फळ्यावर ‘वाफसा’ लिहितो. शहरातल्या मुलांना तो शब्द ठाऊक नसतो. त्याचा अर्थ आम्ही सांगत नाही. मागच्या बाकांवर गावाकडून आलेली, एरवी न बोलणारी दोघेतिघे असतात. ती उठून सांगतात, आणि चिमूटभर माती मुठीत दाबून वाफसा कसा ओळखतात हेही हाताने दाखवतात.