आवाज काढून घेतल्यावर

मरून झाल्यावर ती उठते. १९१२ सालचा 'राणी एलिझाबेथ' हा फ्रेंच मूकपट मी पुन्हा पुन्हा लावतो, तो या शेवटासाठीच. राणी झालेली सारा बर्नहार्ट झोकांडते आणि समोर रचलेल्या उशांच्या ढिगावर पालथी कोसळते. गोष्ट तिथं संपली. पण जन्म रंगभूमीवर गेलेला. ती परत समोर येते, वाकून अभिवादन करते. टाळ्या कोण वाजवणार? समोर प्रेक्षागृह नाही, कॅमेरा आहे.

मला तिथं दर वेळी गलबलून येतं.

साराच्या आवाजाला लोक सोन्याचा आवाज म्हणत. सिनेमानं नेमका तोच काढून घेतला. मागं उरले हात, मान, खांदे. आणि तेही शेवटच्या रांगेपर्यंत पोचायच्या मापाचे. आज हा अभिनय भडक म्हणून निकालात काढतात. मला तो न्याय वाटत नाही. वाचा बसलेल्या माणसाचे हातवारे मोठे होणारच. शिवाय तेव्हा ती ६७ वर्षांची होती आणि उजवा गुडघा कामातून गेला होता. उभं राहणं हेच कष्टाचं. पुढं १९१५मध्ये तो पाय कापावा लागला, तरी तिनं काम सोडलं नाही.

रंगभूमीवरच्या नटांची सिनेमाकडे जाणारी वाट 'राणी एलिझाबेथ'च्या चार वर्षं आधीच रुंद झाली होती. सिनेमा म्हणजे जत्रेतल्या तंबूतला खेळ, हा शिक्का पुसायला 'फिल्म दार' नावाची कंपनी निघाली. तिनं 'द्यूक द गीजचा खून' हा जेमतेम पाव तासाचा चित्रपट १७ नोव्हेंबर १९०८ रोजी पॅरिसमध्ये दाखवला. कथा फ्रेंच अकादमीच्या आंरी लाव्हदांची, संगीत खास त्यासाठी सां-सान्सचं, नट कॉमेदी-फ्रांसेजचे. राजा तिसरा आंरी झालेला शार्ल ल बार्जी आंद्रे कालमेतबरोबर दिग्दर्शनही करत होता. खून पडल्यावर हा राजा प्रेतापाशी येतो तेव्हा त्याच्याकडे नीट बघा. शत्रू खरंच मेला का, ही धास्ती त्याच्या अंगभर आहे. शब्दांवाचून काय करता येतं, हे या मुरलेल्या नटाला उमगलं होतं असं मला वाटतं. साराला ते उमगलं नाही, की तिला ते नकोच होतं? मी दुसऱ्या बाजूचा. प्रेक्षक समोर नसतानाही तो आहेच असं धरून चालणं, यात मला तिचा थोरपणा दिसतो.

१९२३च्या मार्चमध्ये ती स्टुडिओत जाऊ शकत नव्हती, म्हणून स्टुडिओच तिच्या घरी आला. पॅरिसच्या बुलव्हार पेरेरवरच्या त्या घरात दिवे लावले गेले, कॅमेरा मांडला गेला. चित्रपटाचं नाव 'ला व्हॉयान्त', म्हणजे भविष्य सांगणारी बाई. ते काम अर्धवट असतानाच २६ मार्चला ती गेली.