कापड कोणाचे, अंग कोणाचे?

गणवेशाबद्दल आपल्या घरांत एक जुना आदर आहे. ज्या समाजाला पिढ्यान् पिढ्या अंगभर धड कापड मिळू दिले गेले नाही, त्याला स्वच्छ, इस्त्रीच्या कपड्यांचे मोल कोणी सांगावे लागत नाही. आमचे वडील एका कार्यालयात पट्टेवाले होते. त्यांचा खाकी ड्रेस आई दर रविवारी धुऊन, भाताच्या पेजेची खळ देऊन, तांब्यात निखारे घालून कडक करायची. गावी ज्या माणसाला पायरीखाली उभे राहावे लागत होते, तो माणूस त्या ड्रेसमध्ये साहेबांच्या दालनात ताठ मानेने जात असे. त्याच खाकीच्या पगारावर आम्ही बी. कॉम. झालो आणि कारकुनाच्या खुर्चीवर बसलो. तेव्हा गणवेश म्हणजे वाईट, असे आम्ही कधीच म्हणणार नाही.

पण वस्तीतल्या वाचनालयाची पुस्तके लावताना इटलीच्या फॅसिस्ट राजवटीची काही जुनी छायाचित्रे आमच्या पाहण्यात आली आणि आम्ही विचारात पडलो. सात-आठ वर्षांची मुले काळे शर्ट घालून, डोक्यावर गोंड्याची टोपी आणि खांद्यावर छोटी बंदूक घेऊन रांगेत उभी आहेत. चेहऱ्यावर भीती नाही, उलट आनंद आहे. शाळेच्या पहिल्या दिवशी नवा गणवेश घातल्यावर आमच्या मुलीच्या चेहऱ्यावर असतो, अगदी तसाच. त्या आनंदानेच आम्हाला अस्वस्थ केले. मग मिळेल ते वाचत गेलो. आम्ही इतिहासाचे पदवीधर नाही. वाणिज्य शाखेच्या माणसाला जमाखर्च तेवढा कळतो. तोच येथे वाचकांपुढे मांडत आहोत.

इटलीत शर्टाच्या रंगाला राजकारणात मोठा मान. 1860 साली गॅरिबाल्डी आपले हजार स्वयंसेवक घेऊन सिसिलीत उतरला, तेव्हा त्यांची ओळख होती लाल शर्ट. हा लाल शर्ट आला कोठून? गॅरिबाल्डी त्याआधी दक्षिण अमेरिकेत लढत होता. तेथे कत्तलखान्यातील मजुरांसाठी तयार केलेले लाल शर्ट स्वस्तात मिळाले, तेच त्याच्या माणसांनी घातले, असे सांगतात. म्हणजे रक्ताचे डाग दिसू नयेत म्हणून कामगाराला दिलेले कापड पुढे स्वातंत्र्याची खूण झाले.

काळ्या शर्टाचे नेमके उलटे झाले. पहिल्या महायुद्धात इटलीच्या सैन्यात ‘अर्दीती’ नावाच्या धाडसी तुकड्या होत्या. काळा वेश, काळी टोपी आणि खंजीर ही त्यांची ओळख. युद्ध संपले. घरी परतलेल्या जवानांना ना काम, ना मान. अशा असंतुष्टांना हाताशी धरून 23 मार्च 1919 रोजी मिलान शहरात बेनितो मुसोलिनीने आपली संघटना काढली आणि तो काळा शर्ट उचलला. संघटनेचे नावही उचललेलेच होते. ‘फाशो’ म्हणजे मोळी, जुडी. 1890 च्या दशकात सिसिलीतील गरीब शेतकरी आणि मजूर यांनी आपल्या संघटनांना हेच नाव दिले होते. एक काडी मोडते, मोळी मोडत नाही, हा त्यातला साधा अर्थ. मुसोलिनीने त्या मोळीला प्राचीन रोमची कुऱ्हाड बांधली. रोममध्ये अधिकाऱ्यापुढे चालणारे सेवक काठ्यांची जुडी आणि तीत खोचलेली कुऱ्हाड घेऊन जात. काठी फटक्यांसाठी, कुऱ्हाड शिरच्छेदासाठी. गरिबांच्या एकजुटीची मोळी अशी सत्तेच्या दहशतीची खूण झाली. 1926 साली तर ती अधिकृत राजचिन्ह ठरली.

आता खर्चाची बाजू पाहा. 1920 ते 1922 या काळात उत्तर इटलीतील पो नदीच्या खोऱ्यात शेतमजुरांनी मजुरीवाढीसाठी संघटना बांधल्या होत्या. त्यांच्या सहकारी संस्था होत्या, सभेसाठी आणि वाचनासाठी लोकांनी वर्गणीतून बांधलेली घरे होती. काळे शर्टवाले ट्रकमध्ये भरून येत, ती घरे जाळत, छापखाने फोडत, कार्यकर्त्यांना सोट्यांनी बडवत आणि त्यांच्या घशात एरंडेल तेल ओतत. चारचौघांत माणसाची फजिती करून त्याची मान कायमची खाली घालायची, हा एरंडेलाचा हेतू. आणि या टोळ्यांना पैसा पुरवत होते मोठे जमीनदार. अंग बेकार पोरांचे, कापड जमीनदारांचे आणि पाठ मजुरांची!

ऑक्टोबर 1922 मध्ये हे काळे शर्टवाले रोमवर चालून गेले. स्वतः मुसोलिनी मात्र मिलानहून रात्रीच्या आगगाडीने आला आणि 30 ऑक्टोबरला काळ्या शर्टातच राजासमोर उभा राहिला. राजाने त्याला पंतप्रधान केले. पुढच्याच वर्षी 1 मेचा कामगार दिन बंद झाला आणि त्याऐवजी 21 एप्रिल, म्हणजे रोम नगरीचा स्थापना दिन, साजरा करण्याचा हुकूम निघाला. 10 जून 1924 रोजी समाजवादी खासदार मात्तेओत्ती यांना भर रस्त्यातून पळवून ठार मारण्यात आले. त्यांचा अपराध एवढाच, की संसदेत उभे राहून त्यांनी निवडणुकीतली दांडगाई उघड केली होती.

मोठ्यांची तोंडे बंद केल्यावर पाळी आली लेकरांची. 1926 साली ‘बालिला’ नावाची संस्था निघाली. आठ वर्षांच्या मुलांपासून पुढे सर्वांची तीत भरती होई. नंतर सहा वर्षांची मुलेही घेतली जाऊ लागली, त्यांना म्हणत ‘लांडगीची पिल्ले’. मुलग्यांना काळा शर्ट आणि निळा रुमाल, मुलींना पांढरा ब्लाउज आणि काळा स्कर्ट. नावाला सारे ऐच्छिक होते. पण जो यात नाही, त्याच्याकडे शाळेत कोणत्या नजरेने पाहिले जात असेल, हे आपल्या वाचकांना सांगायला नको. वर्गात वेगळे बसवलेल्या मुलाच्या मनाचे काय होते, हे आपल्या घरांना पुस्तकातून शिकावे लागत नाही. दुसरीकडे, ज्या गरिबाच्या पोराने समुद्र कधी पाहिला नव्हता, त्याला ही राजवट सुट्टीत समुद्रकाठच्या शिबिरात नेत होती, खेळ आणि खाऊ देत होती. मग ते पोर का नाही हसणार? छायाचित्रातला आनंद खोटा नव्हता. तो खरा होता, म्हणूनच त्याची भीती वाटते.

आमच्यासारख्या कारकुनांचे तेथे काय झाले, तेही आम्ही मुद्दाम शोधले. 1930 च्या दशकात सरकारी नोकरीसाठी पक्षाचे सभासदत्व लागू लागले. लोक त्या कार्डाला ‘भाकरीचे कार्ड’ म्हणत. पक्षाच्या नावाची आद्याक्षरे होती पी, एन, एफ. लोक त्यांचा अर्थ लावीत, ‘घरच्या गरजेपोटी’. कोटावर लावायच्या पक्षाच्या बिल्ल्याला त्यांनी नाव ठेवले होते ‘ढेकूण’. हसू येते, पण त्या हसण्यामागे केवढी लाचारी आहे! घरी चूल पेटली पाहिजे म्हणून बिल्ला लावणाऱ्या बापाला आम्ही नावे ठेवणार नाही. पण 1931 साली विद्यापीठांच्या प्राध्यापकांना राजवटीशी निष्ठेची शपथ घ्यायला लावली, तेव्हा सुमारे 1200 जणांपैकी नकार देणारे जेमतेम डझनभर निघाले, ही गोष्ट मनाला लागते. ज्यांच्यापाशी विद्या होती, मान होता, त्यांनी तरी मान वाकवायला नको होती.

1931 ते 1939 या काळात स्ताराचे नावाचा गृहस्थ पक्षाचा सचिव होता. त्याला गणवेशाचे वेडच होते. सरकारी नोकरांनाही गणवेश आला. हात मिळवण्याऐवजी हात उंचावून सलाम ठोकायचा. 1938 मध्ये तर बोलीवरही बंधन आले. समोरच्याला आदराने ‘लेई’ म्हणायची तिकडे रीत होती. ती बंद करून ‘वोई’ म्हणा, असा हुकूम निघाला. आपल्याकडे उद्या कोणी ‘आपण’ म्हणायला बंदी केली तर कसे वाटेल? ‘लेई’ नावाच्या एका महिला मासिकाला नावसुद्धा बदलावे लागले. आधी अंगावरचा कपडा, मग हात, मग जीभ. बायकांच्या बोटापर्यंतही ही सत्ता पोहोचली. इथिओपियावर स्वारी केल्यावर, 18 डिसेंबर 1935 रोजी देशासाठी सोन्याची लग्नाची अंगठी द्या, असे आवाहन झाले. गरीब बायकांनीही अंगठ्या काढून दिल्या. बदल्यात मिळाल्या साध्या धातूच्या.

आता या जमाखर्चातली सर्वांत कठोर नोंद. तुरिन शहरात एत्तोरे ओवात्झा नावाचा ज्यू बँकवाला होता. पहिल्या महायुद्धात तो इटलीसाठी लढला. 1922 साली रोमवर चालून जाणाऱ्यांत तो होता. ज्यू लोक मुसोलिनीशी किती निष्ठावान आहेत, हे पटवण्यासाठी त्याने 1934 साली वृत्तपत्र काढले. 1938 मध्ये मुसोलिनीने वंशाचे कायदे केले. ज्यू मुलांना सरकारी शाळेतून काढले, ज्यू नोकरदारांना नोकरीतून आणि ज्यू सभासदांना पक्षातून. आदल्या वर्षी काळा शर्ट घालून रांगेत उभे असलेले पोर एका हुकुमाने परके झाले. ओवात्झा तरीही आशेवर राहिला. ऑक्टोबर 1943 मध्ये जर्मन एस. एस. सैनिकांनी त्याला बायको-मुलांसह ठार मारले. त्यांचा गणवेश घातला म्हणून ते आपल्याला आपले मानतील, असे समजणाऱ्या प्रत्येकाने ही नोंद वाचावी. कापड अंगाला चिकटते, पण कापड देणाऱ्याच्या मनातला भेद त्याने पुसला जात नाही.

आणि ज्या गणवेशाचा एवढा डामडौल, तो खऱ्या युद्धात तरी कामाला आला काय? 1942-43 च्या हिवाळ्यात इटलीचे जवान रशियाच्या बर्फात होते. पायांतले बूट त्या थंडीचे नव्हते. संचलनासाठी सर्व काही होते, जगण्यासाठी नव्हते. हजारोंनी शेतकऱ्यांची पोरे तेथेच राहिली.

हा दूरदेशीचा इतिहास आपल्याला कशाला, असे काही वाचक म्हणतील. तर महाराष्ट्राशीही त्याचा एक धागा आहे. लंडनच्या गोलमेज परिषदेला गेलेले नागपूरचे डॉ. बा. शि. मुंजे परतताना रोमला थांबले. 19 मार्च 1931 रोजी ते मुसोलिनीला भेटले. बालिलाची व्यवस्था त्यांनी पाहिली आणि तिचे कौतुक आपल्या रोजनिशीत लिहून ठेवले. 1937 साली त्यांनी नाशिकला भोसला मिलिटरी स्कूल सुरू केले. ती मुले रांगेत हसत का उभी आहेत, हे त्यांनी पाहिले. त्या रांगेसाठी कोणाची घरे जळाली होती, ते पाहिले नाही.

दुसरे कारण आमच्या वस्तीतच आहे. अलीकडे काही तरुण आमच्याकडे आले. एका पुढाऱ्याने साठ जणांना एका रंगाचे शर्ट शिवून द्यायचे कबूल केले आहे, आपलेही एक पथक काढू, असे त्यांचे म्हणणे. पोरे वाईट नाहीत. दोघे-तिघे पदवीधर आहेत, बाकीचे मिळेल ते काम करतात. आपल्यालाही कोणी ओळखावे, एवढीच त्यांची भूक. आम्ही त्यांना नाही म्हटले नाही. फक्त तीन प्रश्न लिहून दिले. कापडाचे पैसे कोणाचे? तो शर्ट वाटेल तेव्हा अंगावरून काढता येईल काय? आणि तो घालून रस्त्याने जाताना आपल्या वस्तीतली आई निर्धास्त होईल की दार लावून घेईल?

6 डिसेंबरला चैत्यभूमीवर समता सैनिक दलाच्या गणवेशातला स्वयंसेवक गर्दीला वाट करून देतो, म्हातारीला हात देतो. त्याला पाहून कोणी दार लावत नाही. नर्सबाईंचा, सफाई कामगाराचा, कंडक्टरचा गणवेश या तिन्ही प्रश्नांना ताठ उभा राहतो. तो कामाचा गणवेश आहे. काम संपले की खुंटीला लागतो. काळा शर्ट खुंटीला लागत नव्हता. ब्रिटनने 1936 साली कायदा करून राजकीय गणवेशांवर बंदी घातली, ती उगीच नव्हे.

25 जुलै 1943 रोजी मुसोलिनीची सत्ता कोसळली. बातमी रेडिओवर येताच लोक रस्त्यावर आले आणि कोटांवरचे ढेकूण रातोरात नाहीसे झाले. उत्तर इटलीत काम्पेजिने गावाजवळ चेर्वी नावाचे शेतकरी कुटुंब राहत होते. सात भाऊ, सारे फॅसिझमचे विरोधक. या आनंदात त्यांनी शेवया शिजवल्या, लोणी आणि चीज घातले, दुधाच्या कॅनमध्ये भरून चौकात आणल्या आणि सगळ्या गावाला वाढल्या. असे सांगतात, की त्या गर्दीत एक पोरगा काळा शर्ट घालून आला. बहुधा त्याच्यापाशी दुसरा शर्टच नव्हता. लोक त्याच्यावर धावले, तेव्हा अल्दो चेर्वीने त्यांना आवरले आणि त्या पोरालाही ताटली भरून दिली.

पाच महिन्यांनी, 28 डिसेंबर 1943 रोजी, फॅसिस्टांनी त्या सातही भावांना गोळ्या घातल्या. पण त्या दिवशी चौकात अल्दोने शर्ट पाहिला नाही, शर्टाच्या आतले उपाशी पोर पाहिले. आपल्या वस्तीतल्या पोरांकडेही कोणी तसे पाहावे. पुढारी शर्ट घेऊन येण्याआधी आपण ताटली घेऊन गेले पाहिजे.